‘स्वतःच्या मर्जीने आत गेले’ म्हणे!

काल धाकट्या मावशीने घरच्या ग्रुपवर एक फॉरवर्ड टाकला. त्यात म्हटलंय, बांगलादेशात राणा प्लाझा ही कपड्यांच्या कारखान्यांची इमारत कोसळली, तो निव्वळ अपघात होता. कामगार धोका दिसत असताना स्वतःच्या मर्जीने आत गेले. तिथे कपडे शिवणाऱ्या बायकांना दोन घास मिळतात ते याच कामामुळे. आणि आता कारखान्यांना सर्टिफिकेटं असतात, तेव्हा स्वस्त टी-शर्ट बिनधास्त घ्या. वाचून डोक्यात तिडीक गेली.

मावशी, आधी ती ‘मर्जी’ बघू. २३ एप्रिल २०१३ला ढाक्याजवळ सावरमधल्या त्या आठ मजली इमारतीला तडे गेले. पाहणीला आलेल्या इंजिनियरने इमारत धोकादायक ठरवली. खालच्या मजल्यांवरची बँक आणि दुकानं दुसऱ्या दिवशी बंद राहिली. वरच्या शिलाई कारखान्यांतल्या बायाबापड्यांना मात्र कामावर बोलावलं. कचरणाऱ्यांना पगार कापायची धमकी. महिनाअखेर आलेली, आणि किमान वेतन तेव्हा महिन्याला ३,००० बांगलादेशी टका! सकाळी वीज गेली, वरचे जनरेटर सुरू झाले आणि नऊ वाजायच्या आत इमारत बसली. १,१३४ माणसं गेली. बँकेतल्या कारकुनाला घरी राहता आलं, शिलाई मशीनवरच्या पोरीला नाही. याला मर्जी म्हणायचं?

अपघात म्हणावं, तर वरचे मजले बेकायदा होते, बांधकामाचा माल निकृष्ट होता आणि जनरेटरच्या हादऱ्यांनी इमारत खिळखिळी झाली होती. हे बांगलादेश सरकारच्याच चौकशी समितीने सांगितलंय.

सर्टिफिकेटचं काय घेऊन बसलात! कराचीच्या अली एंटरप्रायझेस या कपड्यांच्या कारखान्याला सप्टेंबर २०१२मध्ये आग लागली, अडीचशेहून जास्त कामगार गेले. खिडक्यांना गज, बाहेर पडायचे दरवाजे बंद. आणि जेमतेम काही आठवड्यांपूर्वी याच कारखान्याला एसए ८००० हे कामगारांच्या सुरक्षेची हमी देणारं सर्टिफिकेट मिळालं होतं.

बायकांच्या हातात पैसा आला, हे खरं आहे. तेवढं मान्य. बांगलादेशातले पुष्कळ कारखाने पूर्वीपेक्षा सुरक्षित झाले, हेही खरं. पण ते मे २०१३च्या ‘अकॉर्ड’मुळे. कामगार संघटनांनी मोठमोठ्या ब्रँडांना कायद्याने बांधणाऱ्या करारावर सह्या करायला लावल्या, मग इंजिनियर कारखान्यांत शिरले आणि दारांवरची कुलपं निघाली. त्यानंतरही तिथला कपडा जगभर विकला जातोच आहे.

मावशी, त्या फॉरवर्डखालचा तुझा अंगठा काढ. आणि जिथे जिथे तो पुढे पाठवलास, तिथे हेही पाठव.