शायरच्या वर्षाला अधिक मास नाही

पुण्यातल्या वाचकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपांवर एक मेसेज फिरतोय: टॉल्किनच्या ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ कादंबरीतल्या शायर या काल्पनिक प्रदेशातलं वर्ष ३६० दिवसांचं, म्हणून ऋतू जुळवायला तिथे आपल्यासारखा अधिक मास घालतात. हे साफ चूक आहे. महिने १२, प्रत्येकी ३० दिवसांचे, इथवर ठीक. पण महिन्यांबाहेरचे ५ दिवस गाळलेत: वर्षाचा पहिला आणि शेवटचा दिवस, शिवाय ऐन उन्हाळ्यातले ३. झाले ३६५. लीप वर्षी उन्हाळ्यातच आणखी एक. त्या लीप दिवसाला आणि वर्षमध्याच्या दिवसाला (उन्हाळ्यातल्या ३ पैकी मधल्या) वारच नसतो; उरतात ३६४ दिवस, म्हणजे बरोबर ५२ आठवडे, त्यामुळे दर वर्ष शनिवारीच सुरू होतं. किती सुरेख युक्ती! आणि हो, कादंबरीच्या परिशिष्टातली ३० फेब्रुवारी ही छपाईची चूक नव्हे. तिथे ती खरीच तारीख आहे. मेसेज पुढे पाठवला असेल, तर हा खुलासाही पाठवा.