गिलोटिन यांचा बळी गिलोटिनने घेतला नाही

'करावे तसे भरावे' या मथळ्याखाली एक मजकूर सध्या फिरतो आहे: गिलोटिन नावाच्या फ्रेंच डॉक्टरने शिरच्छेदाचे यंत्र शोधले आणि त्याच यंत्राखाली त्याचे मुंडके उडाले. यातले डॉक्टर आणि फ्रेंच एवढेच खरे.

जोसेफ-इन्यास गिलोटिन (१७३८–१८१४) पॅरिसमधले नावाजलेले वैद्य. मेस्मर या वैद्याच्या 'प्राणिज चुंबकत्वा'ची, म्हणजे शरीरातल्या अदृश्य चुंबकीय प्रवाहाने रोग बरे करता येतात या दाव्याची, शहानिशा करायला १७८४ मध्ये राजाने आयोग नेमला, त्यात बेंजामिन फ्रँकलिन आणि रसायनशास्त्रज्ञ लाव्हाझिए यांच्यासोबत ते होते. तो दावा निराधार ठरला. १७८९ मध्ये ते पॅरिसमधून लोकप्रतिनिधी म्हणून निवडून आले.

तेव्हा गुन्हा एकच असला तरी सरदाराला तलवार आणि गरिबाला फास किंवा चाकावर हाडे मोडून मरण, असा प्रकार होता. गिलोटिन यांचा मृत्युदंडालाच विरोध होता. पण तो राहणारच असेल, तर सर्वांना सारखा आणि कमीत कमी वेदनेचा असावा, यंत्राने व्हावा, ही त्यांची मागणी. यंत्राचा आराखडा केला आंत्वान लुई या शल्यविशारदाने. ते बांधले टोबियास श्मिट या वाद्ये बनवणाऱ्या जर्मन कारागिराने. पहिला वापर झाला २५ एप्रिल १७९२ रोजी. नाव मात्र गिलोटिन यांचे चिकटले, आणि दयेपोटी बोललेल्या माणसावर हा फार मोठा अन्याय आहे.

फ्रेंच राज्यक्रांतीतल्या दहशतीच्या काळात, म्हणजे सरसकट शिरच्छेद होत असताना, गिलोटिन तुरुंगात होते, पण सुटले. पुढे देवीच्या लसीच्या प्रसारासाठी झटले आणि २६ मार्च १८१४ रोजी पॅरिसमध्ये नैसर्गिक मृत्यूने गेले.