गोलशिफ्तेह हॉलिवूडला ‘सापडली’ म्हणे!

‘एक्स्ट्रॅक्शन’ या हॉलिवूडपटातली निक खान बघून कुणीतरी नटीचं नाव शोधतं आणि तीच गोष्ट पुन्हा फिरायला लागते. गोलशिफ्तेह फराहानी ही तेहरानची कुणालाच ठाऊक नसलेली मुलगी, डिकॅप्रिओबरोबरच्या सिनेमाने तिचं नशीब उघडलं, पुढे फ्रेंच मासिकात उघडा फोटो दिला म्हणून तिला देश सोडावा लागला आणि तिथून तिचा फारसी अभिनय संपला.

आधी ते ‘कुणालाच ठाऊक नसलेली’ घेऊ. वडील बेहजाद फराहानी रंगभूमीवरचे, बहीण शकायेकही अभिनेत्री. 1998 साली, चौदाव्या-पंधराव्या वर्षी तिने दिग्दर्शक दारयुश मेहरजुईंचा ‘दरख्त-ए-गोलाबी’ केला (गोलाबी म्हणजे नासपती, गुलाबी नव्हे) आणि त्यासाठी इराणच्या फज्र चित्रपट महोत्सवात तिला पारितोषिक मिळालं. 2006 साली ‘मीम मेस्ल-ए-मादर’ आला. शब्दशः ‘म मातेचा’. त्यात ती युद्धातल्या रासायनिक वायूची झळ बसलेली व्हायोलिनवादक आई झाली, तेव्हा वय तेवीस. इराणने हा सिनेमा ऑस्करसाठी पाठवला होता. डिकॅप्रिओबरोबरचा तो सिनेमा, रिडली स्कॉटचा ‘बॉडी ऑफ लाइज’, येतो 2008 साली, म्हणजे दहा वर्षांनी. त्यात तिच्या वाट्याला काय, तर अम्मानमधली नर्स; कुत्रा चावलेल्या हेरगिरीबहाद्दराला रेबीजची इंजेक्शनं द्यायची! कुणी कुणाला घडवलं म्हणे?

उलट तिचं घरचं मोठं काम बघायचं तर दिग्दर्शक असगर फरहादींचा ‘दरबारे-ये एली’ बघा, 2009 चा. गोलशिफ्तेहने मित्रांच्या सहलीला बोलावलेली एली तिथे बेपत्ता होते. शेवटाकडे एलीचा होणारा नवरा गोलशिफ्तेहसमोर बसून एकच प्रश्न विचारतो: सहलीला बोलावलंत तेव्हा एली नाही म्हणाली होती का? ती लगेच उत्तर देत नाही. खरं बोलावं तर सगळे मित्र अडकणार, खोटं बोलावं तर एलीची अब्रू जाणार. हे सगळं चेहऱ्यावर, संवाद जवळजवळ नाहीच. (बघितला नसेल तर माफ करा, उत्तर सांगत नाही.)

फोटोचं गणित तर तारखांतच कोसळतं. ‘मादाम फिगारो’तला तो फोटो जानेवारी 2012 चा. ऑक्टोबर 2008 मध्ये ती ‘बॉडी ऑफ लाइज’च्या न्यूयॉर्कमधल्या प्रीमियरला, इराणमध्ये बायकांना सक्तीचा असलेला डोक्यावरचा रुमाल न घेता गेली होती, आणि त्यानंतर लवकरच तिने देश सोडला होता. फोटोने परतीची वाट बंद झाली, हे खरं. पण जाण्याचं कारण म्हणून तो चिकटवायचा असेल तर काळ उलटा फिरवावा लागेल.

राहिला फारसी अभिनय. देश सोडल्यावर 2012 मध्येच तिने दिग्दर्शक अतीक रहीमींचा ‘द पेशन्स स्टोन’ केला, संवाद फारसीत. मानेत गोळी लागून निपचित पडलेल्या नवऱ्याशी बोलत बसणारी बायको. जवळजवळ सगळा सिनेमा तिच्या एकटीच्या बोलण्यावर. त्यासाठी फ्रान्सच्या सीझर पुरस्काराचं नामांकनही होतं. आणि आपल्याकडच्या प्रेक्षकांना ती फक्त निक खान म्हणून ठाऊक असेल, तर अनुप सिंगचा ‘द साँग ऑफ स्कॉर्पियन्स’ शोधून बघा: राजस्थानची वाळू, विंचवाचं विष गाण्याने उतरवणारी नूरान आणि समोर उंटांचा व्यापारी झालेला इरफान.