सावळी नायिका हवी? मग गोरी शोधा

अभिनंदन! चॅनेलने तुमची मालिका पास केली. विषय एकदम पुरोगामी, सावळ्या मुलीची गोष्ट. आता उत्साहाच्या भरात खरोखरच सावळी मुलगी घेऊन बसू नका.

आधी छान गोरी अभिनेत्री शोधा, मग तिला रंगवा. चेहरा काय, कुणीही रंगवेल. कसब लागतं मान, कानांच्या पाळ्या आणि कोपरापर्यंतच्या हातांना. गोरेगावच्या फिल्मसिटीत मे महिन्यात घाम फुटला की बांगड्यांखालून गोरेपण डोकावतं, म्हणून टच-अप दादाला स्पंज घेऊन कॅमेऱ्याशेजारीच उभं ठेवा. २०१९ साली ‘रंग माझा वेगळा’ सुरू झाली, तिची नायिकाही मेकअपनेच सावळी झाली होती. टीका झाली, आणि मालिका दणक्यात चालली. तुम्हाला यातलं काय ऐकू आलं ते मला कळलं.

सावळ्या मुली ऑडिशनला येतीलच. त्यांना नाराज करू नका. नायिकेची मैत्रीण आहे, मोलकरीण आहे, हळदीत मागे टाळ्या वाजवायच्या आहेत... कामाला काय तोटा?

कुणी नावं ठेवलीच, तर परंपरा सांगा. १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’च्या तारामतीसाठी फाळक्यांना बाई मिळेना, तेव्हा त्यांनी हॉटेलात काम करणाऱ्या अण्णा साळुंक्यांना लुगडं नेसवलं. (पुढच्याच चित्रपटात दुर्गाबाई आणि कमलाबाई मिळाल्या, तेव्हा त्यांनी बायकांची कामं बायकांनाच दिली, हे मात्र सांगू नका.)

नायिका शिकलेली हवी. सुवर्णपदक प्रोमोत दाखवा. पाचव्या भागापर्यंत ते पिठाच्या डब्यामागे गेलं पाहिजे. ‘सैराट’च्या आर्चीने बुलेट चालवली, ट्रॅक्टर चालवला, म्हणून हिलाही स्कूटी द्या. दुसऱ्याच आठवड्यात पंक्चर करा, म्हणजे हिरोला गाडी थांबवता येईल. जाडी मुलगी विनोदाला ठेवा, तिच्या हातात वडापाव द्या. संवाद लिहायचे कष्ट वाचतात.

राहता राहिला महिला दिनाचा महाएपिसोड. नायिकेचं भाषण ठेवा, ‘रंगात काय आहे?’ समोर त्या टाळ्यावाल्या सगळ्या मुली बसवा. फक्त तिला आधीच बजावून ठेवा: ताई, कितीही भरून आलं तरी रडायचं नाही, गालावरचा रंग ओघळतो.