पहिल्या कार्डाचा हट्ट सोडा रे!

रामबागेतल्या पोरांना किती वेळा सांगायचं! मॅजिक अरीना या ऑनलाइन पत्त्यांच्या खेळात प्रीमियर ड्राफ्ट लावला, म्हणजे पाकिटं एकमेकांकडे फिरवत, दर पाळीला एक कार्ड उचलून आपला डेक (खेळायचा कार्डसंच) जमवायचा. पहिल्याच पाकिटात भारी लाल रेअर (दुर्मीळ कार्ड) दिसलं, उचललं. ठीक आहे. पण पाचव्या-सहाव्या पाळीपर्यंत एकही धड लाल कार्ड आलं नाही, तरी हा लालच धरून बसणार! अरे, तुला पाकीट देणारा लाल स्वतःकडे ठेवतोय. दुसऱ्या पाकिटात दिशा उलटते, पण तिसऱ्यात पुन्हा तोच तुला देणार आहे. तेव्हा काय करशील?

आणि नववी पाळी तर कोणी बघतच नाही. टेबलावर आठ जण, म्हणजे पहिलं पाकीट नवव्या पाळीला परत हातात येतं. त्यातली दोन चांगली हिरवी कार्डं तशीच उरली असतील, तर हिरवा मोकळा आहे. याहून स्पष्ट कोण सांगणार? पण त्यासाठी पहिलं पाकीट लक्षात ठेवावं लागतं.

मग डेक. चाळीस कार्डं, त्यात सतरा लँड (बाकीची कार्डं खेळायला लागणारी ‘माना’ ही शक्ती देणारी कार्डं), हा साधा हिशोब. दोन माना खर्चाचे प्राणी किमान पाच-सहा हवेत. यांच्याकडे दोन, आणि पाच माना खर्चाच्या वरची आठ! ती कोंबायला लँड पंधरावर आणतात. वर एका रेअरसाठी तिसरा रंग. हातात महागडी कार्डं अडकून चौथ्या टर्नपर्यंत टेबल रिकामं, तीन हार, ड्राफ्ट संपला. आणि खापर कोणावर? शफलरवर, म्हणजे पत्ते पिसणाऱ्या प्रोग्रामवर! पत्ते पिसण्यात नाही रे, निवडण्यात हरलास.