सीईटीच्या गणितासाठी आधी बालभारती

बारावीनंतर इंजिनिअरिंग, फार्मसीच्या प्रवेशासाठी राज्याची जी एमएचटी-सीईटी परीक्षा असते, तिच्या गणितासाठी कोणतं पुस्तक घ्यावं, असं विचारणारे पालक दर वर्षी भेटतात. मी अकरावी-बारावीच्या मुलांना गणित शिकवते, त्या जोरावर ठामपणे सांगते: दप्तरात आहे तेच. बालभारतीचं. एमसीक्यूचे, म्हणजे पर्यायी प्रश्नांचे, जाडजूड संच नंतर घ्या, आणि तेही एकच घ्या.

सीईटी राज्य मंडळाच्याच अभ्यासक्रमावर असते. गणिताचे ५० प्रश्न, प्रत्येकी २ गुण, वेळ ९० मिनिटं, उत्तर चुकलं तरी गुण कापत नाहीत. एका प्रश्नाला दोन मिनिटंही मिळत नाहीत, म्हणून मुलं शॉर्टकटच्या मागे लागतात. पण मी जे बघते ते असं, की आकडेमोडीत फार वेळ जात नाही. गणित सुरू कुठून करायचं हे सुचेपर्यंत वेळ जातो. ते सुचायला सिद्धता हातानं लिहिलेली असावी लागते.

'पेअर ऑफ स्ट्रेट लाइन्स' घ्या. उगमबिंदूतून जाणाऱ्या रेषांच्या जोडीचं समीकरण 'एएक्स वर्ग अधिक दोन एचएक्सवाय अधिक बीवाय वर्ग बरोबर शून्य' असं असतं. त्यात दोन्ही स्लोपची, म्हणजे रेषांच्या चढांची, बेरीज उणे दोन एच भागिले बी आणि गुणाकार ए भागिले बी येतो, हे पुस्तकात नीट मांडून दाखवलंय. आता एक स्लोप दुसऱ्याच्या दुप्पट असेल तर? ट्रिकवाल्या मुलाला 'आठ एच वर्ग बरोबर नऊ एबी' तोंडपाठ असतं. पेपरात दुप्पटच्या जागी तिप्पट आलं की तो अडकतो. ज्यानं वहीत मांडणी केलीय तो एक स्लोप एम धरतो, दुसरा तीन एम. बेरीज चार एम, गुणाकार तीन एम वर्ग. बेरजेतून एम काढायचा, गुणाकारात घालायचा, 'तीन एच वर्ग बरोबर चार एबी' हातात. दोन मिनिटांच्या आत. त्याला पाठ काहीच करावं लागलेलं नसतं. डेफिनिट इंटिग्रेशनच्या गुणधर्मांचंही असंच आहे, तिथे तर बरेच प्रश्न इंटिग्रेशन न करताच सुटतात.

सोडवलेली उदाहरणं वाचू नका. उत्तर झाका, स्वतः करा, अडलात तर एकच ओळ उघडून बघा. प्रकरणाच्या शेवटी मिसलेनियस एक्सरसाइज असते, तिची सुरुवातच पर्यायी प्रश्नांनी होते. बोर्डाला लागणार नाही असं समजून मुलं नेमकी तीच सोडतात, याचं मला फार वाईट वाटतं.

दहावीपर्यंत मराठी माध्यमात शिकलेल्या मुलांबद्दल तर पोटतिडकीनं सांगावंसं वाटतं. या मुलांचं गणित कच्चं नसतं. अकरावी सायन्सला सगळं अचानक इंग्रजीत येतं आणि 'जॉइंट इक्वेशन', 'नॉट पॅसिंग थ्रू द ओरिजिन' अशा शब्दांशी ती अडखळतात. प्रश्नच कळला नाही तर सूत्र येऊन उपयोग काय? ही भाषा सरावाची होते ती पाठ्यपुस्तकाच्या वाक्यांतून. गाइडमध्ये चौकटीत नुसती सूत्रं असतात, त्यांतून भाषा येत नाही.

एवढ्यानं वेग येतो असं मी म्हणत नाही. पुस्तकाचे दोन्ही भाग पूर्ण झाल्यावर जुने पेपर घड्याळ लावून आणि शक्यतो कॉम्प्युटरवर सोडवायलाच हवेत, कारण परीक्षा तशीच असते. आयआयटीच्या प्रवेशाची जेईई ॲडव्हान्स्ड द्यायची असेल तर तयारी वेगळी, तिथे हे पुस्तक पुरणार नाही.

आणि अकरावीचं पुस्तक कुणाला देऊन टाकू नका. सीईटीत साधारण २० टक्के भार अकरावीचा असतो, म्हणजे गणितात दहाएक प्रश्न. सर्कल, कॉम्प्लेक्स नंबर्स, पर्म्युटेशन-कॉम्बिनेशन हे बारावीत कुणी पुन्हा शिकवत नाही. दिलं असेल तर बालभारतीच्या संकेतस्थळावर पीडीएफ फुकट मिळते. दिवाळीच्या सुट्टीत तेवढी प्रकरणं काढून घ्या, जानेवारीनंतर प्रॅक्टिकल आणि बोर्डाच्या गडबडीत जमत नाही.