मुंशीच्या मोबाईलवर गेलेली पेशी

आमच्या इंदूरच्या मराठीत कोर्टाची 'तारीख' नसते, 'पेशी' असते. पेशीला कोणी गेलं नाही की केस 'अदम पैरवी'त खारिज होते. हा शब्द माझी आत्या वयाच्या 78व्या वर्षी शिकली.

रामबागेतल्या घराच्या खालच्या दोन खोल्या भाडेकरूने अडवलेल्या. दावा 6 वर्षं चाललेला. वकीलसाहेब म्हणायचे, "काकू, या वयात कशाला जिने चढता? मी आहे ना." एका पेशीला ते हायकोर्टात अडकले, ज्युनियर आलाच नाही. पुकारा झाला, समोरचा वकील हजर, आमच्याकडून कोणी नाही. खारिज. आम्हाला कळलं 4 महिन्यांनी, तेही माझ्या मुलाने ई-कोर्ट्सच्या ॲपवर सहज केस नंबर टाकला म्हणून. स्क्रीनवर 'डिस्पोज्ड', म्हणजे निकाली, दिसलं आणि आत्याला वाटलं, लागला निकाल! साखरेचा डबा काढला होता तिने.

मेसेज आला नव्हता का? आला होता. दाव्याच्या कागदांवर मोबाईल नंबर मुंशीचा, म्हणजे वकिलाच्या कारकुनाचा, होता.

आता कायदा बघा. दिवाणी प्रक्रिया संहितेचा ऑर्डर 9. दोन्ही पक्ष गैरहजर असतील आणि दावा गेला, तर नियम 4 प्रमाणे मुदतीत असेल तर नवा दावा लावता येतो. पण प्रतिवादी हजर आणि वादीच गायब, तर नियम 8 लागतो आणि नियम 9 त्याच कारणावरचा नवा दावा बंद करतो. उरतो एकच रस्ता, दावा पुन्हा नंबरवर घेण्याचा, म्हणजे परत सुरू करण्याचा, अर्ज. त्याला मुदत 30 दिवस, आणि ते मोजायचे खारिज झाल्या दिवसापासून. खरी मेख इथे आहे. समन्स नीट न मिळालेल्या प्रतिवादीविरुद्ध एकतर्फी निकाल झाला तर त्याचे 30 दिवस त्याला कळल्यापासून सुरू होतात. आत्याचे मात्र तिला पत्ता लागण्याआधीच संपले! मग विलंबमाफीचा वेगळा अर्ज, शपथपत्र, वकिलाची फी पुन्हा.

खारिज करूच नये असं मी म्हणत नाही. दावा ठोकून गायब होणारे घरमालक मीही पाहिलेत. समोरच्याने जन्मभर चपला झिजवायच्या का? आणि 4 महिने एक फोन न करणारे आम्हीही काही थोर नाही. पण वकिलाच्या चुकीची शिक्षा निर्दोष पक्षकाराला नको, हे सुप्रीम कोर्टाने 1981 मध्येच रफीक विरुद्ध मुन्शीलाल या खटल्यात म्हटलंय. 1993 मध्ये मात्र त्याच कोर्टाने सांगितलं की हा काही सरसकट नियम नाही. म्हणजे तुमचं नशीब आणि समोरचे जजसाहेब.

माझं मागणं छोटं आहे. वकीलपत्रावर पक्षकाराचा स्वतःचा, चालू नंबर सक्तीचा करा, आणि खारिज झाल्याचा मेसेज त्यावर त्याच दिवशी जाऊ द्या. वकिलांना राग येईल. येऊ दे.

सध्या आमची एमजेसी, म्हणजे त्या अर्जाचीच वेगळी केस, चालू आहे. आत्या आता प्रत्येक पेशीला स्वतः जाते, डबा आणि पाण्याची बाटली घेऊन, आणि पुकारा व्हायच्या आधीच दारात उभी असते. मागच्या सोमवारी जजसाहेब रजेवर होते.